बार्शी लाईट ते बगदाद: युद्धात सैनिक रेल्वे कशी बांधायचे आणि कशी चालवायचे?

ऑनलाईन ऑर्डर केलेली वस्तू दिल्लीहून पुण्यापर्यंत एका रात्रीत येते. आणि पुण्याच्या गोदामातून तुमच्या घरापर्यंत यायला मात्र दोन दिवस लागतात. हा अनुभव सगळ्यांना आहे. लांबचा प्रवास सोपा असतो, अडतं ते शेवटच्या टप्प्यावर. डिलिव्हरीच्या धंद्यात याला ‘लास्ट माईल’ म्हणतात.

सैन्याचंही अगदी तसंच आहे. जहाजाने हजारो सैनिक बंदरावर उतरवता येतात. पण तिथून दोनशे-तीनशे किलोमीटर आत, वाळवंटात किंवा चिखलात, त्यांना रोज पीठ, डाळ, पाणी, औषधं आणि दारूगोळा कोण पोचवणार? मोटार-ट्रक नुकते येत होते आणि रस्ते नव्हते, त्या काळात याचं एक भक्कम उत्तर होतं: सैन्याने स्वतःच रेल्वे बांधायची आणि स्वतःच चालवायची.

या गोष्टीचा एक धागा थेट आपल्या सोलापूर जिल्ह्यातल्या बार्शीपर्यंत येतो. आज तो धागा धरूनच बघूया की हे तंत्र नेमकं चालायचं कसं.

आधी बार्शीचा प्रॉब्लेम समजून घेऊ

बार्शी ही कापूस आणि धान्याची मोठी बाजारपेठ. पण जीआयपी रेल्वेची मुंबई-सोलापूर-रायचूर मुख्य लाईन बार्शीला न जाता कुर्डुवाडीवरून गेली. म्हणून कुर्डुवाडी स्टेशनचं नाव तेव्हा ‘बार्शी रोड’ होतं. म्हणजे बार्शीला जाणाऱ्याने इथे उतरा आणि पुढचे सुमारे ३५ किलोमीटर बैलगाडीने जा. थोडक्यात, बार्शीचा लास्ट माईल तुटलेला होता.

जीआयपीमध्ये नोकरी केलेला एव्हरार्ड कॅलथ्रॉप नावाचा इंग्रज इंजिनिअर या प्रश्नाच्या मागे लागला. १८९५ मध्ये बार्शी लाईट रेल्वे कंपनी उभी राहिली आणि १८९७ मध्ये बार्शी रोड ते बार्शी गाडी धावायला लागली. रुळांमधलं अंतर फक्त २ फूट ६ इंच, म्हणजे ७६२ मिलिमीटर. पुढे ही लाईन १९११ मध्ये लातूरला आणि १९२७ मध्ये पंढरपूरवरून मिरजेला पोचली. एकूण लांबी जवळपास ३२५ किलोमीटर झाली. पंढरीच्या वारीला या गाडीने किती लोक गेले असतील याची मोजदादच नाही.

आता म्हणाल, यात सैन्य कुठे आलं? तर कॅलथ्रॉपच्या डिझाईनमध्ये आलं.

खरी आयडिया: प्रत्येक आसावर फक्त ५ टन

रेल्वे म्हटलं की आपण वेग बघतो. पण रेल्वे बांधणारा इंजिनिअर आधी एक वेगळाच आकडा विचारतो: एका आसावर किती वजन? आस म्हणजे दोन चाकांना जोडणारा दांडा. गाडी कितीही लांब असू दे, रुळाला एका ठिकाणी जो दाब सोसावा लागतो तो मुख्यतः आसावरच्या वजनावर ठरतो. रूळ किती जाड, स्लीपर किती जवळ, पूल किती मजबूत, सगळं त्यावर अवलंबून.

कॅलथ्रॉपने नियमच केला की इंजिन असो वा डबा, एका आसावर ५ टनांपेक्षा जास्त वजन नको. पण इंजिन तर जड पाहिजे, नाहीतर चाकं घसरणार. मग त्याने लीड्सच्या किटसन कंपनीकडून जी इंजिनं करून घेतली त्यांना ओढणाऱ्या चाकांचे चार आस आणि मागे आधाराचे दोन आस ठेवले. ६ आस गुणिले ५ टन, म्हणजे साधारण ३० टनांचं इंजिन हलक्या रुळावर चालू शकतं. आपण सर्व्हरवरचा लोड एकाच मशीनवर न टाकता सहा मशीनवर वाटतो, तोच प्रकार.

डब्यांचंही तेच. चार आसांचा डबा भरून २० टनांपर्यंत. आणि वेगवेगळ्या मालडब्यांची खालची पोलादी चौकट एकाच मापाची, फक्त वरचा भाग गरजेनुसार बदलायचा. म्हणजे सुटे भाग कमी आणि दुरुस्ती सोपी. फोनच्या भाषेत सांगायचं तर चार्जर सगळ्यांना एकच.

आता याचा फायदा आकड्यांत बघा. बार्शी लाईटचा रूळ एका यार्डाला ३० पौंडांचा होता, म्हणजे मीटरला साधारण १५ किलो. आज आपल्या ब्रॉडगेजवर मीटरला ६० किलोचा रूळ असतो.

- एक किलोमीटर लाईनसाठी (दोन्ही बाजूंचे रूळ धरून) बार्शीच्या मापाने ३० टन पोलाद लागतं. आजच्या ब्रॉडगेजला १२० टन.
- समजा रूळाचा तुकडा ९ मीटरचा आहे. बार्शीच्या मापाचा तुकडा १३५ किलोचा झाला, तो सहा-आठ माणसं खांद्यावर नेऊ शकतात. ६० किलोच्या मापाचा तोच तुकडा ५४० किलो होतो.

शेतकऱ्याच्या कापसासाठी हे स्वस्त पडतं. आणि सैन्यासाठी? जहाजातून चौपट कमी पोलाद न्यायचंय, क्रेन नाही, फक्त माणसांचे हात आहेत. अशा ठिकाणी हे डिझाईन सोन्यासारखं.

कॅलथ्रॉपला हे पक्कं माहीत होतं. इंजिन आणि डबे भारतात पाठवण्याआधी त्याने लीड्सजवळ रूळ टाकून ते चालवून दाखवले. सैनिक, घोडे आणि लष्करी सामान छोट्या गेजवरून हलवता येतं का, याच्या चाचण्याही घेऊन लष्कराला दाखवलं. पुढे पहिल्या महायुद्धात मेसोपोटेमियाच्या, म्हणजे आजच्या इराकच्या, मोहिमेत रेल्वेच्या वापरावर या चाचण्यांचा प्रभाव पडला.

गेज एकसारखं असण्याचं महत्त्व लष्कराला किती होतं याचं अजून एक उदाहरण म्हणजे कालका-शिमला रेल्वे. ती आधी २ फुटी ठरली होती. पण लष्कराच्या आग्रहामुळे १९०१ मध्ये ती २ फूट ६ इंच करायचं ठरलं. कारण साधं आहे. युद्धाच्या वेळी एका लाईनवरचं इंजिन उचलून दुसऱ्या लाईनवर चालवता आलं पाहिजे.

रेल्वे नसली तर काय होतं? कुतची गोष्ट

हा फक्त इंजिनिअरिंगचा कौतुकसोहळा नाही. हा हिशोब चुकला तेव्हा माणसं मेली, आणि त्यात आपल्या भागातली खूप होती.

१९१५ मध्ये ब्रिटिश भारताचं ‘सहावं पूना डिव्हिजन’ बसऱ्याहून टायग्रिस नदीच्या काठाने बगदादकडे निघालं. त्यात १०३, ११० आणि ११७ या मराठा पलटणी होत्या, मुंबई सॅपर्सच्या तुकड्या होत्या. सगळा पुरवठा नदीतल्या बोटींवर. बोटी कमी, नदी उथळ आणि वळणावळणाची. त्याच वर्षी बसरा ते नासिरिया रेल्वे टाकायचा प्रस्ताव आला होता, पण भारत सरकारने तो खर्चाच्या कारणावरून नाकारला.

बगदादच्या अलीकडे हार झाली, डिव्हिजन मागे फिरलं आणि डिसेंबर १९१५ मध्ये कुत गावात वेढलं गेलं. सोडवायला निघालेल्या फौजेचे हजारो सैनिक बसऱ्यात बसून होते, कारण त्यांना पुढे न्यायला आणि खाऊ घालायला वाहतूकच नव्हती. बंदरात जहाजं आठवडेच्या आठवडे माल उतरण्याची वाट बघत होती. सोडवायच्या प्रयत्नांत सुमारे २३,००० सैनिक मेले किंवा जखमी झाले. आत अन्न संपलं. २९ एप्रिल १९१६ ला कुत पडलं आणि १३,००० च्या आसपास लोक कैद झाले. त्यातले कितीतरी परत आलेच नाहीत.

सोपा हिशोब करून बघू. आकडे मी उदाहरणासाठी धरलेत.

समजा १५,००० सैनिक आहेत आणि प्रत्येकाला रोज सगळं मिळून २ किलो माल लागतो. म्हणजे दिवसाला ३० टन. उंट साधारण १५० किलो नेतो. आघाडी पाच दिवसांच्या अंतरावर असेल तर जाऊन-येऊन दहा दिवस. उंटाचा स्वतःचा चारा रोज ५ किलो धरला तर ५० किलो तोच खाणार. उरले १०० किलो. म्हणजे रोज ३०० उंट निघाले पाहिजेत आणि दहा दिवसांच्या चक्रासाठी ३,००० उंट सतत वाटेत. अंतर दुप्पट केलं तर उंट स्वतःच १०० किलो खातो, उरतात फक्त ५०. मग लागतात १२,०००! अंतर दुप्पट, उंट चौपट.

तेच ३० टन बार्शीसारख्या छोट्या गाडीच्या दोन-तीन डब्यांत मावतात.

कुतनंतर धडा घेतला गेला. १९१६ मध्ये शेख साद ते सिन ही २ फूट ६ इंच गेजची लाईन टाकली गेली. हेच बार्शीचं गेज. शिवाय भारतातून मीटरगेजचे रूळ, इंजिनं, डबे जहाजाने जाऊ लागले. फेब्रुवारी १९१७ मध्ये कुत परत घेतलं, ११ मार्च १९१७ ला बगदाद पडलं. विजयामागे इतर कारणं होतीच, नदीवरच्या बोटीही खूप वाढवल्या होत्या. पण आघाडीवर पोचणारा रोजचा माल या रुळांमुळे नियमित झाला.

सैनिक रेल्वे बांधायचे कशी?

सैन्यात रेल्वेचं काम करणारे दोन प्रकारचे लोक असतात. एक बांधणारे, दुसरे चालवणारे. ब्रिटिश भारताच्या सॅपर्स अँड मायनर्समध्ये २५ आणि २६ नंबरच्या खास रेल्वे कंपन्या होत्या. १९१४ मध्ये युद्ध लागल्यावर त्या पूर्व आफ्रिकेत गेल्या आणि १९१५ पासून आजच्या केनियातल्या व्हॉई स्टेशनपासून जर्मन हद्दीकडे लष्करी लाईन टाकायला लागल्या.

पद्धत साधारण सगळीकडे सारखी होती:

१. सर्वेक्षण. घोड्यावरून किंवा पायी जाऊन वाट ठरवायची. डोंगर फोडायचा नाही, वळसा घालायचा. पाणी कुठे मिळेल हे आधी बघायचं, कारण वाफेच्या इंजिनाला कोळशाइतकंच पाणी लागतं.

२. भराव. माती टाकून ओबडधोबड सपाटी. यात सर्वात जास्त माणसं लागतात. मेसोपोटेमियात भारतीय लेबर कोअरच्या हजारो मजुरांनी हे काम केलं. वर्दीतल्या सॅपरची नोंद तरी राहिली, या मजुरांची फारशी राहिली नाही.

३. रूळ टाकणं. ही सगळ्यात भारी स्टेप. स्लीपर आणि रूळ भरलेली गाडी नुकत्याच टाकलेल्या रुळावरूनच पुढे येते. टोकाला थांबते. माल उतरवतात, जोडतात, गाडी तेवढीच पुढे सरकते. म्हणजे लाईन स्वतःचा कच्चा माल स्वतःच वाहून आणते.

४. खडी आणि दुरुस्ती. ही नंतर. आधी गाडी चालली पाहिजे, मग ती नीट चालली पाहिजे. सॉफ्टवेअरवाले याला ‘आधी रिलीज, मग पॅच’ म्हणतील.

हे किती वेगाने होऊ शकतं? बार्शी लाईट सुरू झाली त्याच १८९७ मध्ये सुदानमध्ये पर्सी जिरुआर्ड या तरुण लेफ्टनंटने वादी हल्फा ते अबू हमद अशी सुमारे ३७० किलोमीटरची लाईन थेट वाळवंटातून नेली आणि ऑक्टोबरअखेर पूर्ण केली. रूळ टाकायला रेल्वे बटालियनच्या सैनिकांची फौज होती.

आणि चालवायचे कशी?

रूळ टाकले की काम संपलं असं वाटतं. खरं तर अवघड भाग इथून सुरू होतो.

युद्धातली लाईन जवळपास नेहमी एकेरी असते. जाणाऱ्या आणि येणाऱ्या गाड्या एकाच रुळावर. मग समोरासमोर टक्कर कशी टाळायची? लाईनचे तुकडे पाडायचे आणि नियम करायचा की एका तुकड्यात एका वेळी एकच गाडी. पुढच्या स्टेशनला तारेने किंवा फोनने विचारायचं, तिकडून ‘लाईन क्लिअर’ आली तरच गाडी सोडायची. आपल्याकडे बऱ्याच एकेरी लाईनवर यासाठी धातूचा गोळा असायचा. ड्रायव्हरच्या हातात गोळा असेल तरच त्याला पुढे जायची परवानगी.

प्रोग्रॅमिंग शिकत असाल तर तुम्ही ओळखलं असेल, हे सरळसरळ ‘लॉक’ आहे. एका वेळी एकच थ्रेड आत. आणि लॉक आलं की डेडलॉकही आलं. क्रॉसिंग स्टेशनवर दोनच रूळ आहेत, दोन्हीवर गाड्या उभ्या आणि दोन्ही बाजूंनी अजून एकेक गाडी येतेय. मग कोणीच हलू शकत नाही. म्हणून चांगला कंट्रोलर गाड्या ‘पाठवण्यापेक्षा’ गाड्या ‘अडवण्यात’ हुशार असावा लागतो.

दुसरी अडचण रिकामे डबे. आघाडीवरचा अधिकारी माल उतरवून घ्यायचा, पण डबा गोदाम म्हणून तिथेच ठेवायचा. डबे परत नाही आले तर मागून माल येणार कशात? लष्करी रेल्वेच्या इतिहासात हे भांडण पुन्हा पुन्हा दिसतं. त्यातूनच एक नियम पक्का झाला: आघाडीचा सेनापती सांगेल काय पाहिजे, पण गाडी कधी आणि कशी जाईल हे रेल्वेवाला ठरवेल.

तिसरी अडचण गेज बदलण्याची. छोट्या गाडीतला माल मोठ्या गाडीत हातानेच भरावा लागतो. बार्शीचा कापूस कुर्डुवाडीला हेच सोसायचा. यावर कॅलथ्रॉपने एक जुगाड काढला. इंग्लंडमधल्या लीक अँड मॅनिफोल्ड या १९०४ साली सुरू झालेल्या छोट्या रेल्वेवर त्याने असे वाहक-डबे वापरले की मोठ्या गेजचा अख्खा डबाच छोट्या गाडीवर चढवून न्यायचा.

फ्रान्समधल्या खंदकांपर्यंत तर याहून छोट्या, ६०० मिलिमीटर गेजच्या गाड्या जायच्या. तयार जोडलेले रुळांचे तुकडे माणसं उचलून टाकायची. वाफेच्या इंजिनाचा धूर आणि ठिणग्या शत्रूला दिसतात, म्हणून अगदी पुढच्या टप्प्यावर छोटी पेट्रोल इंजिनं. मागच्या टप्प्यासाठी अमेरिकेच्या बाल्डविन कंपनीने जवळपास ५०० वाफेची इंजिनं करून दिली. युद्धानंतर त्यातली काही भारतात आली आणि उत्तर प्रदेशात साखर कारखान्यात उसाच्या गाड्या ओढत राहिली.

भारतातच सैनिकांनी रेल्वे चालवली तेव्हा

दुसऱ्या महायुद्धात हे आपल्या अंगणात घडलं. जपानने ब्रह्मदेश घेतल्यावर चीनला आणि आघाडीला जाणारा सगळा माल आसामच्या मीटरगेज लाईनवर आला, जी मुख्यतः चहासाठी बांधलेली होती. १ मार्च १९४४ पासून बंगाल-आसाम रेल्वेचा कटिहार ते लेडो हा सुमारे १,३०० किलोमीटरचा भाग अमेरिकन लष्कराच्या रेल्वे बटालियनने चालवायला घेतला. हे चार हजारांवर सैनिक बहुतेक घरी असताना रेल्वेतच कामाला होते. त्यांच्या बरोबरीने हजारो भारतीय ड्रायव्हर, गार्ड, पॉइंट्समन राबत होते.

त्याच काळात इकडे काही लाईनचे रूळ उखडून युद्धासाठी नेले गेले. हिमाचलमधल्या कांगडा लाईनचा नगरोटा ते जोगिंदरनगर हा भाग असाच गेला, आणि १९५४ मध्ये परत टाकला गेला. म्हणजे कुठेतरी एक लष्करी रेल्वे उभी राहते तेव्हा कुठल्यातरी गावाची गाडी बंद पडलेली असू शकते.

स्वातंत्र्यानंतर टेरिटोरियल आर्मीत रेल्वे इंजिनिअर रेजिमेंट उभ्या राहिल्या. एरवी रेल्वेची नोकरी करायची, ठरलेले दिवस वर्दीत ट्रेनिंग घ्यायचं आणि गरज पडली की सीमेजवळ गाडी चालवायची, अशी ही कल्पना. पण वर्दी नसलेल्यांनीही किंमत मोजली आहे. सप्टेंबर १९६५ च्या युद्धात राजस्थानातल्या बाडमेर जिल्ह्यात, गडरा रोडच्या लाईनवर सैन्यासाठी काम करताना हवाई हल्ल्यात १७ रेल्वे कर्मचारी मारले गेले. दरवर्षी तिथे त्यांची आठवण काढली जाते.

मग बार्शी लाईट बंद का झाली?

कारण प्रत्येक डिझाईनची एक किंमत असते. हलका रूळ लवकर टाकता येतो, स्वस्त पडतो, पण त्यावर वेग आणि वजन वाढवायला मर्यादा येतात. आज ब्रॉडगेजच्या मालगाडीत एका आसावर २३ टनांच्या आसपास वजन असतं, बार्शीच्या चौपटीहून जास्त. शिवाय कुर्डुवाडीला माल उतरवून परत भरणं कोणाला परवडणार? १९५४ मध्ये सरकारने कंपनी विकत घेतली आणि २००८ मध्ये लातूर-बार्शी-कुर्डुवाडी पूर्ण ब्रॉडगेज झालं. मिरजेकडची बाजू २०१० च्या सुमाराला झाली. आज लातूर-मुंबई एक्स्प्रेस बार्शीवरून जाते, डबा बदलावा लागत नाही. ते चांगलंच झालं.

थोडक्यात लक्षात ठेवायचं तर:

- पुरवठा हा वेगाचा नाही, तर रोज किती टन पोचतात याचा खेळ आहे.
- आसावरचं वजन ठरलं की रूळ, पूल, खर्च आणि बांधायचा वेळ सगळं ठरतं.
- एकच गेज, एकच चौकट, एकच सुटे भाग. युद्धात यानेच वेळ वाचतो.
- एकेरी लाईनवर शिस्त हीच क्षमता. गाड्या जास्त सोडल्या म्हणून माल जास्त जात नाही.
- नाकारलेल्या एका रेल्वेचा खर्च शेवटी माणसांनी भरला.

पुढच्या वेळी कुर्डुवाडीला गाडी थांबली आणि फोनला रेंज नसली, तर खिडकीतून बाहेर बघा. इथूनच एक अडीच फुटी लाईन बार्शीला निघायची. आणि घरात कोणी पहिल्या किंवा दुसऱ्या महायुद्धात ‘बसऱ्याला’ गेल्याची गोष्ट सांगत असेल, तर त्यांना एकदा विचाराच, ते तिथे करायचे काय? बंदूक होती हातात, की फावडं, की हिरवा झेंडा? उत्तर मोबाईलमध्ये रेकॉर्ड करून ठेवा. कारण लेबर कोअरच्या त्या हजारो माणसांची आठवण आता अशा घरांमध्येच उरली आहे.